पवित्रनच्या खाणीतलं फूल

करिंपारा गावात दगडाला कल्लु म्हणतात आणि चोराला कळ्ळन. फरक काय तो ल आणि ळ चा. पवित्रनने जन्मभर जांभा दगड कापला, म्हणून गाव त्याला कल्लु पवित्रन म्हणे. आणि ज्याचा त्याच्यावर राग असेल त्याची जीभ नेमकी त्या ल वरून घसरे. पवित्रनला ते ऐकू यायचं. तो नुसता हसायचा. "चोर असतो," म्हणायचा, "तर डोंगर न्यायला इतकी वर्षं लागली असती का?"

डोंगर मात्र गेलाच होता. करिंपाराच्या सड्याची उत्तरेची बाजू त्याने तरुणपणी कुऱ्हाडीने पोखरायला घेतली, पुढे कापायचं मशीन आणलं, आणि मग सड्याला मोठा चौकोनी घास घेतल्यासारखी खाण दिसायला लागली. शाळा, वाचनालयाचं जोतं, देवळाचं कुंपण, मशिदीची भिंत, पक्षाच्या ऑफिसची पायरी, सगळीकडे पवित्रनचे चिरे. देव आणि पक्ष दोघंही आपल्या उपकारांवर उभे आहेत असं त्याला मनापासून वाटे. दोघांपैकी कुणीही ते कधी बोलून दाखवलं नाही, याचं थोडं वाईटही वाटे.

त्याची बायको वनजा याच खाणीवर डोक्यावरून चिरे वाहायला यायची. पाटीखाली मान ताठ ठेवून चालायची तिची ढब पाहून तो तिच्यावर भाळला होता. लग्नाला इतकी वर्षं झाली तरी तिची मान तशीच ताठ होती, फक्त आता पाटी नव्हती, त्यामुळे ती पवित्रनला जड जायची.

एका कोपऱ्यात चिऱ्याचा थर संपला, खाली पिवळट शेडी, म्हणजे मऊ चिकणमाती, लागली, आणि मशीन थांबलं. पवित्रनने खाण तशीच सोडली. वर्षं गेली. पावसाळ्यात तिच्या तळाला पाण्याचा पातळ पापुद्रा साचायचा, उन्हाळ्यात पाल फिरकायची. पवित्रनला मोठं काही करायची हौस होती. शेवटी एके दिवशी मत्तीचं, म्हणजे तारलीचं कालवण ओरपता ओरपता त्याने घरात जाहीर केलं, "तिथे ऑडिटोरियम बांधणार. कण्णूरपासून पय्यन्नूरपर्यंत नसेल असं लग्नाचं सभागृह. पहिलं लग्न आपल्या जिम्नाचं. आणि नाव देणार वनजा ऑडिटोरियम."

वनजा म्हणाली, "मी मेल्यावर द्या नाव. जिवंतपणी लोक विचारतील, या बाईनं केलं काय?"

"अगं, तू तिथे दगड वाहिलेस!"

"म्हणूनच म्हणते. आता तिथेच पंगती वाढायला लावणार का?"

त्यांची मुलगी जिम्ना पदवीच्या शेवटच्या वर्षाला होती. ती फोनमधून डोकं वर न काढता म्हणाली, "बाबा, आधी नवरा तरी बघा. मग हॉल."

नकाशे झाले, खांबांच्या जागा आखल्या. आणि श्रावणाच्या सुमाराचा चिंगम महिना लागला.

ओणमच्या दिवसांत करिंपाराच्या मुलांना काक्कापू लागतं. आपल्याकडे सड्यावर ज्याला सीतेची आसवं म्हणतात तेच ते निळं जांभळं फूल. कावळ्याचं फूल म्हणतात इथे. त्याच्याशिवाय पूक्कळमची, म्हणजे अंगणातल्या फुलांच्या रांगोळीची, निळी ओळ भरत नाही. वर सड्यावर आता अकेशियाची लागवड होती, तिच्या पाल्याखाली काक्कापू दिसेनासं झालं होतं. लोक ट्रकने आलेला झेंडू विकत आणत आणि वर्षातून एकदा हळहळत. हळहळायला वाचनालयाची सभा होती, आणि सभेला ओणम समितीचे अध्यक्ष पवित्रन. दोन वर्षांपूर्वी तो तिथे असा काही बोलला होता की बायका पदराला डोळे पुसत होत्या. "आमच्या लहानपणी सडा निळा असायचा! काक्कापू गेलं तर करिंपारा राहील कशाला? या फुलासाठी मी वाटेल ते सोडीन!" कुणीतरी ते फोनवर टिपलं होतं आणि दर ओणमला सगळ्या गावाला पाठवलं जायचं. पवित्रनही ते पाहायचा. आपला आवाज चांगला आहे असं त्याचं मत होतं.

त्या वर्षी मुलं झोळ्या घेऊन वर गेली आणि ओरडतच खाली आली. काक्कापू वर नव्हतंच. ते खाणीत होतं.

सौदामिनी टीचर सगळ्यांत आधी धावली. शाळेत विज्ञान शिकवून निवृत्त झालेली, गुडघे दुखणारी बाई, पण खाणीची उतरण ती अशी उतरली की मागून येणाऱ्या पवित्रनलाच धाप लागली. तळ निळा झाला होता. या कडेपासून त्या कडेपर्यंत, पाण्याच्या पापुद्र्यातून वर आलेलं, दोऱ्यासारख्या देठांवर डुलणारं निळं. टीचरने साडी खोचली, भिंग काढलं आणि चिखलात बसकण मारली.

"पवित्रा, इकडे ये. वाक. अरे, कमरेत वाक, चिरा उचलतोस तसा."

पवित्रन वाकला.

"देठ बघ. सरळ उभं राहायची ताकद नाही त्याच्यात, म्हणून गवताच्या काडीला वेढे घेत वर चढतं. पानं दिसतात का?"

"नाही."

"असतात, बारीक हिरव्या सुतासारखी. फूल येईपर्यंत बहुतेक झडून जातात. आता फूल बघ. दोन ओठ. खालचा ओठ मोठा, आणि त्याच्या घशाशी पांढऱ्यावर गडद रेघांची जाळी. या जाळीवरून ओळखायचं. दुसऱ्या भावंडांना अशी नसते. आणि मागे खाली वळलेली ही टोकदार नखी, तिच्यात मध."

"नखरे पुष्कळ आहेत," पवित्रन म्हणाला.

"आणि मुळं नाहीत."

"मग खातं काय?"

टीचरने दोन बोटांनी चिखलातून एक सूत अलगद उचललं आणि भिंगाखाली धरलं. सुताला खसखशीएवढे फुगे लोंबत होते. "ही पोटं. प्रत्येकाला एक दार, आत उघडणारं. पाण्यातला बारीक जीव दाराच्या केसाला लागला की दार उघडतं, पाण्यासकट तो आत ओढला जातो आणि दार बंद."

पवित्रनने बराच वेळ भिंगातून पाहिलं. "आत गेलेला बाहेर नाही?"

"नाही."

"म्हणजे सरकारी ऑफिस," तो म्हणाला. टीचर हसली, आणि तो क्षण पवित्रनला बरा वाटला. पुढचं वाक्य तिने बोलायला नको होतं.

"ही जागा तूच केलीस, माहिती आहे? माती सगळी खरवडून नेलीस. जिथे काही खायला मिळत नाही तिथे बाकीचं गवत येत नाही, आणि तिथेच हे राहतं. चांगल्या मातीत याला कुणी उभं करत नाही. तू सडा नासवलास आणि हे तुझ्याच पदरात येऊन पडलं. आता ही जागा राखायला हवी. मी पंचायतीत अर्ज देते. तू तर म्हणालाच होतास, वाटेल ते सोडीन."

उतरणीवर उभी असलेली बायकापोरं टाळ्या वाजवू लागली. पवित्रनने हात जोडले. करणार काय?

घरी येऊन त्याने जेवण टाकलं. "माझी खाण, माझे चिरे, माझं पाणी!" तो वनजाला म्हणाला. "आणि ते आलंय कोण, तर बिनमुळांचं, बिनपानांचं, किडे खाणारं एक चिमूटभर गवत! मला विचारून आलं का?"

"तुम्ही डोंगराला विचारलं होतं?" वनजाने विचारलं आणि भाताचं पातेलं झाकलं.

रागाच्या भरातच त्याला एक गोष्ट आठवली, टीचरनेच बोलता बोलता सांगितलेली. काक्कापू एका पावसाचं झाड. थंडी सरली की अख्खं झाड मरतं, धुळीएवढं बी टाकून. मागे काडी राहत नाही. पवित्रनने मान डोलावली आणि पंचायतीत स्वतः जाऊन सांगितलं, "माझी काही हरकत नाही. फक्त रीतसर पाहणी होऊ दे. ओणमची गर्दी, मग कापणी, मग देवळातले तेय्यमचे उत्सव संपू देत. साहेब निवांत येऊ देत."

साहेब निवांत, म्हणजे कुंभ महिन्याच्या टळटळीत उन्हात आले. जिल्ह्याच्या ऑफिसातून आलेले दिवाकरन सार, म्हणजे सर, सभ्य, घामेजलेले गृहस्थ होते. खाणीचा तळ काळा ठिक्कर पडला होता. एक बकरी, एक बिअरची बाटली, उन्हाने तडकलेली शेडी.

"फूल कुठे आहे?" सारांनी विचारलं.

"इथेच," सौदामिनी टीचर म्हणाली.

"कुठे इथेच?"

"तुम्ही उभे आहात ना, तुमच्या बुटाखाली. धुळीत बी आहे."

सारांनी पाय उचलून बूट पाहिला. मग टीचरकडे पाहिलं. "टीचर, मी तुमचा आदर करतो. पण 'बुटाखाली' असं मी अहवालात कसं लिहू?"

"चिंगममध्ये या."

"चिंगममध्ये माझी बदली झालेली असेल तर?"

पवित्रन छत्री धरून उभा होता, सारांच्या डोक्यावर. 'जागेवर कोणतीही वनस्पती आढळली नाही' असं लिहिलं गेलं, आणि सार जेवायला पवित्रनच्या घरी गेले. वनजाने तांदळाच्या पिठाच्या पातळ भाकऱ्या, तळलेल्या कल्लुम्मक्काय शिंपल्या आणि सुरमईचं कालवण केलं होतं. वाढत होती जिम्ना. सारांनी कालवण दोनदा घेतलं, जिम्नाला तिचं शिक्षण विचारलं, हात धुता धुता पवित्रनला बाजूला घेतलं आणि म्हणाले, "माझ्या बहिणीचा मुलगा आहे. बंगळूरला नोकरी. आमच्याकडे मागणं-बिगणं काही नाही."

एका दुपारी खाणही सुटली आणि मुलगीही ठरली. पवित्रनचं पाऊल जमिनीला लागेना. त्याने सौदामिनी टीचरला एक कापा फणस पाठवला. टीचरने गरे काढून घेतले आणि बिया परत पाठवल्या. निरोप होता, "रुजत घाल. बी म्हणजे काय ते कळेल."

काम धडाक्यात सुरू झालं. खाणीच्या पूर्वेकडच्या भागात ट्रकांनी तांबडी माती ओतून भराव घातला, बाकी तळावर खांब उभे राहिले. लग्न चिंगममध्येच धरलं होतं. पण ऑडिटोरियम काही लग्नासारखं मुहूर्त पाहून होत नाही. बंगाली मजूर निवडणुकीला गावी गेले ते उशिरा आले, मग पावसाने कामच थांबवलं. खांब उघडे, छप्पर नाही, तळात पाणी. पवित्रनने नाक मुठीत धरून पय्यन्नूरचं दुसऱ्याचं सभागृह लग्नासाठी घेतलं. त्याच्या छताला गळती होती, हीच काय ती समाधानाची गोष्ट.

लग्नाच्या आधी मुलाकडची मंडळी घर पाहायला आली. मुलगा, आई, मावश्या, आणि मामा म्हणून अर्थातच दिवाकरन सार. बदली झालेली नव्हती. चहा झाला, केळ्याचे गोड उन्नक्काय झाले, आणि कुणीतरी मावशी म्हणाली, "तुमचं ते ऑडिटोरियम तर दाखवा!"

पवित्रन म्हणाला, चिखल आहे. मावशी म्हणाली, चप्पल जुनी आहे. तो म्हणाला, जळवा आहेत. तेवढ्यात जिम्ना आणि नवरा मुलगा पुढे निघालेसुद्धा.

खांबांच्या भोवती सगळं निळं होतं. वर ढग दाटले होते, त्यामुळे निळं आणखी गडद दिसत होतं. खांबांतून वर आलेल्या गंजक्या सळया तेवढ्या मधेमधे खुपत होत्या. मुलाने फोन काढला. आणि पाण्याच्या कडेला, डबा उघडून खात बसल्यासारखी, भिंग घेऊन बसली होती सौदामिनी टीचर.

"नमस्कार सार," ती म्हणाली. "या. यंदा बुटावर आहे."

दिवाकरन सारांचा चेहरा उतरला. त्यांनी पवित्रनला दोन खांबांच्या मधे घेतलं. "हे काय आहे?"

"काक्कापू आहे, सार."

"ते दिसतंय मला! मी लिहून दिलंय इथे काही नाही म्हणून. सही आहे माझी. आणि माझा भाचा त्याचे फोटो काढून उभ्या जगाला पाठवतोय!"

"सांगू का त्याला, नको काढू म्हणून?"

"कुणाला सांगणार? तुमच्या मुलीलाच सांगा, ती मधे उभी आहे." सारांनी घाम पुसला. मग त्यांचा आवाज खाली आला, आणि त्यात ऑफिस आलं. "पवित्रन, काम थांबवा. मी लिहितो की मालकाने पाहणीनंतर फूल उगवल्याचं लक्षात येताच आपण होऊन बांधकाम सोडलं. तुमचंही नाव होईल, माझंही राहील."

"आणि खांब?"

"खांबांचं काय ते नंतर बघू. मुलगी आमच्या घरात द्यायची आहे ना तुम्हाला?"

ही धमकी नव्हती. सार खरोखरच काळजीने विचारत होते. पवित्रनने भिंगाखालची ती खसखशीएवढी पोटं पाहिली होती, आणि दार कोणत्या बाजूला उघडतं तेही त्याला ठाऊक होतं.

लग्न थाटात झालं. त्यानंतर खाण राखीव जागा ठरली, आणि वाचनालयाच्या सभेत पवित्रनच्या खांद्यावर जरीकाठी शाल घातली गेली. दिवाकरन सार 'निसर्गासाठी स्वतःचं स्वप्न सोडणारा माणूस' असं काहीतरी बोलले. पवित्रनला उत्तर द्यायला उभं केलं तेव्हा त्याला पहिल्यांदाच बोलता आलं नाही. लोकांना वाटलं, भरून आलंय. भरून आलंच होतं, फक्त कारण वेगळं होतं. खाली बसलेली वनजा पदर तोंडाला लावून हसत होती. त्यालाही लोक रडणंच समजले.

त्यानंतर घर रिकामं झालं. जिम्ना बंगळूरला गेली. मशीन विकून टाकलेलं, ऑडिटोरियम गेलं, आणि सकाळी उठल्यावर करायचं काय हा प्रश्न पवित्रनपुढे आयुष्यात पहिल्यांदा उभा राहिला. तो खाणीच्या कडेला जाऊन बसायला लागला. आधी खांबांकडे बघायला. मग लोक फोटो काढायला यायचे आणि मधून चालायचे, त्यांच्यावर ओरडायला. मग ओरडण्यासाठी माहिती हवी, म्हणून टीचरला विचारायला.

"फूल गळलं की हे दोन हिरवे शिंपले का मिटतात?"

"आत बोंड आहे. ते मिटून बसतात त्याच्यावर, आणि मोठे होतात."

"फुलापेक्षा?"

"जवळपास."

"मग लोक फुलाचेच फोटो का काढतात?" त्याने विचारलं.

एक गोष्ट त्याला खुपत होती. पूर्वेकडच्या ज्या भागात त्याने तांबडी माती ओतली होती तिथे एक फूल नव्हतं. कमरेएवढं गवत, लाजाळू, रानतुळस, सगळं माजलं होतं. "तिथे खायला आहे ना," टीचर म्हणाली. मातीचा एकेक ट्रक पवित्रननेच उभं राहून ओतून घेतला होता. त्याने चार दिवस विचार केला आणि एक दिवस सकाळी भाड्याचं यंत्र आणून ती माती उचलायला लावली.

दुपारपर्यंत वाचनालयाचे कार्यकर्ते घोषणा देत हजर. कल्लु पवित्रनने पुन्हा खाण सुरू केली! या वेळी एकाही जिभेवर ल राहिला नाही. पवित्रन हात वर करून सांगत होता, "अरे, फुलासाठी करतोय! फुलासाठी!" जितकं सांगे तितके लोक चिडत. इतकं उघड खोटं त्याच्या तोंडून त्यांनी आजवर ऐकलं नव्हतं. दिवाकरन सारांचा फोन आला, "व्याही, राखीव जागेत यंत्र? तुम्ही मला नोकरी करू देणार आहात की नाही?"

संध्याकाळी सौदामिनी टीचर आली. तिने उचललेली माती पाहिली, उघडा पडलेला जांभा पाहिला. "पवित्रा, खरंच?"

"तुम्ही तरी विश्वास ठेवा, टीचर."

"ठेवते. पण हसू दे मला आधी."

यंत्राला बंदी होती, कुदळीला नव्हती. पवित्रन रोज थोडी माती खरवडू लागला. आठवडाभर वनजा वरून नुसती पाहत होती. मग एके सकाळी डोक्यावर चुंबळ ठेवून खाली उतरली. "भरा पाटी," म्हणाली. "आणि अर्धी भरा. मी आता तरुण नाही."

"माती बाहेर कुठे टाकायची?"

"तुमच्या व्याह्यांच्या दारात," वनजा म्हणाली, आणि दोघांनी ती आपल्याच केळीच्या बुंध्यांना घातली. त्या वर्षी केळी अशा धरल्या की गावाला आणखी एक संशय आला.

पुढच्या चिंगममध्ये जुना तळ नेहमीसारखा निळा झाला. खरवडलेल्या पट्ट्यात पवित्रन रोज वाकून बघायचा. एक दिवस तिथे काहीतरी उगवलं. निळं नव्हे. जमिनीला चिकटलेले, नाण्याएवढे तांबडे चट्टे, केसाकेसावर चिकट थेंब. त्याने टीचरला बोलावून घेतलं.

"हे काय आलंय?"

"दवबिंदू. हेही किडेच खातं, पण चिकटवून."

"मी याच्यासाठी माती नव्हती काढली."

"यालाही उपाशी जागा लागते. येऊ दे की."

"आणि काक्कापू?"

"येईल. नाहीतर नाही येणार. बी वाहत कुठे जातं त्याच्यावर आहे."

टीचर गुडघे सांभाळत चढण चढून गेली. पवित्रनला राग आला होता, पण कुणावर काढावा ते कळेना. तो छत्री उघडून दवबिंदूशेजारी बसला. एक चिलट त्या थेंबांवर घिरट्या घालत होतं. बसावं की नाही, त्याचं ठरत नव्हतं. पवित्रन श्वास रोखून बघत राहिला.

वरून वनजाची हाक आली. "चहा झालाय. येताय की थंड करू?"

"इकडेच घेऊन ये," तो मान न वळवता म्हणाला. "आणि कडेकडेने ये."